‘नाहीत’ आणि ‘नव्हे’ : सदाशिवरावभाऊंच्या बेपत्ता होण्याची बावीस वर्षे

पानिपतच्या संग्रामाविषयी मराठीत विपुल लेखन झालेले आहे. १४ जानेवारी १७६१ या एका दिवसाच्या घडामोडींचा प्रहराप्रहराने हिशेब मांडण्यात आला. सेनापतींच्या गुणदोषांची चर्चा झाली. पराभवाची राजकीय, लष्करी व आर्थिक कारणे शोधण्यात आली. त्र्यंबक शंकर शेजवलकरांनी या विषयाची जी चिकित्सा केली तीनंतर रणभूमीच्या इतिहासात मूलगामी भर घालणे कठीण आहे. परंतु त्या दिवसाने मागे ठेवलेला एक प्रश्न रणभूमीवर नव्हे, तर पुण्याच्या वाड्यात सोडवावा लागला, आणि त्याला बावीस वर्षांहून अधिक काळ लागला. सेनापती सदाशिवरावभाऊ मेले की जिवंत आहेत, हे कोणासही निश्चयाने सांगता येत नव्हते. अशा स्थितीत त्यांच्या पत्नी पार्वतीबाई यांना काय म्हणावयाचे, त्यांनी कोणत्या वेषात राहावयाचे, आणि भाऊंचे उत्तरकार्य करावयाचे की नाही, हा तो प्रश्न होय.

हा प्रश्न कौटुंबिक असल्यामुळे इतिहासकारांनी त्याचा उल्लेख बहुधा करुण प्रसंग म्हणून केला आणि ते पुढे गेले. वस्तुतः त्यात एका समाजाचे धर्मशास्त्र, राजकारण आणि भाषा या तिन्हींची कसोटी लागलेली दिसते. ज्याच्या मृत्यूची वार्ता येते त्याच्यासाठी समाजाजवळ शब्द असतो, विधी असतो, सुतकाचे दिवस असतात. ज्याची वार्ताच येत नाही त्याच्यासाठी यांपैकी काय असते, याचा शोध पार्वतीबाईंच्या चरित्राच्या आधारे घेणे हा प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे.

१. वार्तेचे स्वरूप

प्रथम मूळ घटना पाहावी. दुपारनंतर विश्वासराव गोळी लागून पडले. त्यानंतर भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले आणि लढाईच्या गर्दीत शिरले, येथपर्यंतचा वृत्तांत सर्वसाधारणपणे एकमुखी आहे. पुढे वृत्तांताचा धागा तुटतो. हौद्यात भाऊ दिसेनासे झाले, ही गोष्टच सैन्याचा धीर खचण्याचे एक कारण झाली असे मानले जाते. म्हणजे भाऊंच्या ‘न दिसण्याचा’ परिणाम त्यांच्या मरण्याच्या प्रश्नाआधीच घडून आला होता.

शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेला काशीराज पंडित हा या प्रसंगाचा महत्त्वाचा साक्षीदार. त्याने फारसीत लिहिलेल्या वृत्तांतात रणांगणावर शिर नसलेले एक प्रेत सापडल्याचे, ते शरीरावरील जुन्या खुणांवरून भाऊंचे म्हणून ओळखण्यात आल्याचे, पुढे शिराचाही शोध लागल्याचे आणि शुजाच्या पदरच्या हिंदू मंडळींच्या खटपटीने दहन झाल्याचे सांगितले आहे. विश्वासरावांच्या देहाविषयी मात्र असा संशय राहिला नाही. तो देह अनेकांनी पाहिला, ओळखला, आणि शुजाच्या मध्यस्थीने त्याला अग्नी मिळाला.

काशीराजाच्या कथनावर अविश्वास ठेवण्याचे सबळ कारण नाही. आधुनिक इतिहासकारांपैकी बहुतेकांनी भाऊ त्याच दिवशी पडले असे मानले आहे. परंतु येथे प्रश्न भाऊ खरोखर केव्हा पडले हा नसून, पुण्यास काय ठाऊक होते हा आहे. त्या दृष्टीने पाहता, ओळखणारे लोक परमुलखातील होते, शिर आणि धड वेगवेगळ्या वेळी मिळालेले होते, आणि दहनाच्या वेळी घरचे कोणीही माणूस उपस्थित नव्हते. दक्षिणेत आलेली वार्ता ही ऐकीव वार्तेची ऐकीव वार्ता होती. तिच्यासोबतच भाऊ जखमी होऊन निसटले, कोणा जमीनदाराच्या आश्रयास आहेत, वेष पालटून हिंडत आहेत, अशा वदंताही येत राहिल्या. मदतीसाठी उत्तरेकडे निघालेले नानासाहेब पेशवे वाटेतच या बातम्यांनी खचले. पुण्यास परतल्यावर २३ जून १७६१ रोजी पर्वतीवर त्यांचे देहावसान झाले. मुलाच्या मृत्यूचे दुःख त्यांना निश्चित स्वरूपात मिळाले होते. चुलतभावाचे दुःख मात्र अखेरपर्यंत अनिश्चित राहिले.

पार्वतीबाई स्वतः या मोहिमेत पतीबरोबर होत्या. पराभवानंतरच्या पळापळीतून सुटून ग्वाल्हेरीस पोचलेल्या मंडळींत त्यांचा समावेश होता, आणि तेथून त्या दक्षिणेत परतल्या. पतीला शेवटचे पाहून त्या निघाल्या, तेव्हा पती जिवंत होता. त्यानंतर त्यांच्यापुढे जे आले ते सारे शब्दरूपाने आले.

२. शब्दांचा तुटवडा

हरवलेल्या माणसासाठी मराठीत शब्दांची वाण नाही. बेपत्ता, परागंदा, फरारी, गहाळ हे शब्द आहेत. ठावठिकाणा नाही, मागमूस नाही, सुगावा लागत नाही, अशी वाक्प्रयोगांची रांगही आहे. परंतु या सामग्रीचे पृथक्करण केले असता एक विशेष लक्षात येतो. ‘फरारी’ या अरबी मुळाच्या शब्दात पळून जाण्याची क्रिया आहे. ‘परागंदा’ या फारसी शब्दाचा मूळ अर्थ विखुरलेला, अस्ताव्यस्त झालेला असा असून मराठीत तो देशोधडीस लागलेल्या माणसास लावला जातो. या दोन्ही शब्दांत जाणाऱ्याचे वर्तन अभिप्रेत आहे. ‘गहाळ’ हा मुख्यतः वस्तूंचा शब्द. उरलेले सर्व प्रयोग हरवलेल्याविषयी काहीच सांगत नाहीत. ते शोधणाऱ्याच्या ज्ञानाविषयी सांगतात. पत्ता नाही तो मागे राहिलेल्यांजवळ. ठिकाण लागत नाही ते त्यांनाच. ‘बेपत्ता’ या विशेषणाचे व्याकरणातील विशेष्य गेलेला माणूस असला, तरी अर्थदृष्ट्या ते विशेषण घरी बसलेल्या माणसांचेच आहे.

असे असूनही, त्या घरी बसलेल्यांसाठी भाषेने नाव राखून ठेवलेले नाही. विवाहित स्त्रीच्या बाबतीत परंपरेने दोन मुख्य संज्ञा दिल्या : सधवा आणि विधवा. साहित्यशास्त्राने तिसरी एक दिली, ती ‘प्रोषितभर्तृका’ ही; परंतु ती नायिका परदेशी गेलेल्या पतीची वाट पाहते, आणि त्याचे परतणे हे त्या संज्ञेच्या पोटातच गृहीत असते. ज्याच्या परतण्याची खात्री नाही आणि न परतण्याचीही खात्री नाही, त्याची पत्नी या तिन्हींपैकी कोठेच बसत नाही.

‘विधवा’ या शब्दाचा इतिहास येथे उद्बोधक आहे. ‘वि’ म्हणजे विरहित आणि ‘धव’ म्हणजे पती, अशी त्याची फोड सर्वपरिचित आहे, आणि यास्काने निरुक्तात दिलेल्या पर्यायांपैकीही ती एक आहे. तुलनात्मक भाषाशास्त्राने मात्र दाखवून दिले आहे की हा शब्द लॅटिन ‘विदुआ’ आणि इंग्रजी ‘विडो’ यांचा सगोत्र असून त्याच्या मुळाशी ‘वेगळे होणे, रिते होणे’ हा अर्थ आहे. ‘धव’ हा शब्द ‘विधवा’ची फोड करताना मागाहून निपजला, आणि त्यावरून ‘सधवा’ तयार झाला. म्हणजे शब्दाच्या आरंभकाळी पतीच्या मृत्यूपेक्षा स्त्रीचे एकाकीपण प्रधान होते. पुढे व्युत्पत्तीनेच दोन कप्पे निर्माण केले आणि त्यांमधील जागा बुजविली.

धर्मशास्त्राची परिभाषा याहून सावध होती. नारद व पराशर यांच्या स्मृतींत पतीच्या आपत्तींमध्ये ‘नष्ट’ आणि ‘मृत’ यांची गणना पृथक् केलेली आहे. आजच्या मराठीत ‘नष्ट’ म्हणजे नाश पावलेला. परंतु संस्कृत धातुपाठात ‘नश्’ या धातूचा अर्थ ‘अदर्शन’, म्हणजे दृष्टीस न पडणे, असा दिलेला आहे. नष्ट पती हा मेलेला नव्हे. तो दिसेनासा झालेला. ‘अदर्शन’ या शब्दानेच पाणिनीने ‘लोप’ या संज्ञेची व्याख्या केली आहे. व्याकरणात लोप पावलेला प्रत्यय दृष्टीस पडत नाही, परंतु त्याच्यामुळे होणारे कार्य होतच राहते. भाऊंच्या बाबतीत पेशव्यांच्या घरात बावीस वर्षे जे घडले त्याचे वर्णन करण्यास याहून नेमकी परिभाषा सापडणे कठीण आहे.

३. शास्त्राने घातलेली मुदत

अदर्शनाला शास्त्राने कालमर्यादा घातली होती. नारदस्मृतीने नष्ट पतीच्या पत्नीने किती वर्षे वाट पाहावी हे वर्णानुसार सांगितले आहे; ब्राह्मण स्त्रीने आठ वर्षे, आणि अपत्य नसल्यास चार वर्षे. त्यानंतर अन्य पतीचा आश्रय करण्याची मोकळीक त्या स्मृतीत आहे. परंतु अठराव्या शतकातील ब्राह्मणसमाजात ही मोकळीक केवळ ग्रंथात उरली होती. व्यवहारात उरली होती ती दुसरी तरतूद, म्हणजे उत्तरक्रियेची. भारतरत्न पांडुरंग वामन काणे यांनी आपल्या धर्मशास्त्राच्या इतिहासात तिची साधार चर्चा केली आहे. देशांतरी गेलेल्याची वार्ता सामान्यतः बारा वर्षे न आल्यास पळसाच्या पानांची प्रतिकृती करून तिला अग्नी द्यावा व पुढील क्रिया कराव्यात, असा हा विधी. काही निबंधग्रंथांत गेलेल्याच्या वयाप्रमाणे मुदत भिन्न आहे : उतारवयातील माणसासाठी बारा, मध्यम वयाच्या माणसासाठी पंधरा, तरुणासाठी वीस वर्षे.

या विधीचा उत्तरार्ध अधिक विचारार्ह आहे. प्रतिकृतीचे दहन झाल्यावर तो मनुष्य परत आला तर काय करावे, हेही शास्त्रकारांनी लिहून ठेवले. त्यास घृतस्नान घालावे, जातकर्मापासूनचे संस्कार पुन्हा करावेत, आणि त्याने आपल्याच पूर्वीच्या पत्नीशी पुनश्च विवाह करावा. यावरून असे दिसते की शास्त्रकारांना आपला निर्णय सत्याचा निर्णय वाटत नव्हता. तो सोयीचा निर्णय होता, आणि चुकल्यास दुरुस्तीची वाट त्यांनी मोकळी ठेवली होती. घर चालावे, दाय विभागला जावा, श्राद्धे खंडित होऊ नयेत, यासाठी कोठेतरी थांबावे लागते. परंतु थांबणे म्हणजे जाणणे नव्हे, एवढे भान त्या तरतुदीत आहे.

ही मुदत भाऊंना लावून पाहावी. पानिपतच्या वेळी त्यांचे वय तीस वर्षांचे होते. बारा वर्षे १७७३ मध्ये भरली, पंधरा १७७६ मध्ये, आणि वीस १७८१ मध्ये. कोणताही पक्ष स्वीकारला तरी १७८१ नंतर भाऊंची उत्तरक्रिया करण्यास शास्त्राची आडकाठी नव्हती. पुण्यात शास्त्री-पंडितांची वाण नव्हती. पेशव्यांच्या घरी धर्मकृत्यांची हेळसांड होत होती असेही कोणी म्हणणार नाही. तरीही पार्वतीबाईंच्या हयातीत ते कार्य झाले नाही. शास्त्राने दिलेली परवानगी आणि घराने घेतलेला निर्णय यांमधील हे अंतर पार्वतीबाईंच्या नकाराने निर्माण केलेले आहे.

४. वाड्यातील दोन स्त्रिया

पार्वतीबाईंनी सौभाग्यचिन्हे उतरविली नाहीत. या एका वाक्यात सांगितल्या जाणाऱ्या गोष्टीचे वजन समजण्यासाठी त्या काळच्या ब्राह्मण विधवेची स्थिती ध्यानात घेतली पाहिजे. केशवपन, वस्त्रालंकारांचा त्याग, मंगलकार्यांत मज्जाव, हे सर्व पतीच्या मृत्यूच्या स्वीकाराबरोबर येत असे. म्हणून पार्वतीबाईंचा नकार हा केवळ भावनेचा भाग नव्हता. तो दररोज सकाळी कुंकू लावताना पुन्हा करावा लागणारा, आणि हळदीकुंकवाच्या प्रत्येक प्रसंगी चारचौघींच्या दृष्टीस पडणारा निर्णय होता.

त्याच घरातील गोपिकाबाईंशी तुलना केली असता भेद स्पष्ट होतो. गोपिकाबाईंचे दुःख कोणत्याही मापाने कमी नव्हते. एका वर्षात ज्येष्ठ पुत्र आणि पती, पुढे १७७२ मध्ये माधवराव, आणि १७७३ मध्ये नारायणराव, असे आघात त्यांच्यावर झाले. परंतु यांतील प्रत्येक मृत्यूला तारीख होती, देह होता, तिथी होती. त्या राजकारणातून अंग काढून नाशिकजवळ गंगापुरास जाऊन राहिल्या. व्रतस्थ विधवेचे ते जीवन कठोर असले तरी समाजाला ओळखीचे होते. त्यात काय करावे आणि काय करू नये हे ठरलेले होते. पार्वतीबाईंसाठी असा नमुनाच उपलब्ध नव्हता. त्यांच्या वर्षात श्राद्धतिथी नव्हती. १४ जानेवारी हा दिवस विश्वासरावांच्या बाबतीत मृत्युदिन होता. त्यांच्या बाबतीत तो काय होता, हे सांगणारा शब्द नव्हता.

मात्र पार्वतीबाईंचे आयुष्य केवळ वाट पाहण्यात गेले असे समजणे चुकीचे ठरेल. ३० ऑगस्ट १७७३ रोजी नारायणरावांचा खून झाला, तेव्हा त्यांच्या पत्नी गंगाबाई गरोदर होत्या आणि सारे राज्य त्या गर्भावर अवलंबून होते. कारभाऱ्यांनी गंगाबाईंना पुरंदरावर हलविले, तेव्हा त्यांच्या सोबतीस पार्वतीबाई होत्या. १८ एप्रिल १७७४ रोजी तेथे सवाई माधवरावांचा जन्म झाला. गंगाबाई १७७७ मध्ये वारल्या, आणि आईविना वाढणाऱ्या त्या बाल पेशव्यास घरातील वडीलधारी स्त्री म्हणून पार्वतीबाईंचा आधार राहिला. ज्या स्त्रीच्या स्वतःच्या संसाराचा प्रश्न अनिर्णित होता, तिच्यावरच घराण्याचा पुढील वंश सांभाळण्याची जबाबदारी आली, आणि तिने ती पार पाडली. अनिश्चितता संपल्यावाचून जगता येत नाही, ही समजूत या चरित्रापुढे टिकत नाही.

५. तोतया आणि ‘नव्हे’चा निवाडा

जेथे मृत्यू सिद्ध नाही तेथे पुनरागमन शक्य असते, आणि पुनरागमन शक्य असते तेथे तोतया उभा राहतो. सुखनिधान नावाचा एक कनोजी ब्राह्मण आपण सदाशिवरावभाऊ असल्याचे सांगू लागला. माधवरावांच्या कारकीर्दीत त्यास पकडून चौकशी करण्यात आली, त्याचे कपट उघडकीस आले, आणि त्यास कैदेत ठेवण्यात आले. त्याचा वध न करता त्यास जिवंत ठेवले, ही गोष्ट पुढे महागात पडली. १७७६ च्या आरंभी तो रत्नागिरीच्या किल्ल्यात बंदिवान असता तेथील सुभेदार रामचंद्र नाईक परांजपे याने त्यास मुक्त करून भाऊसाहेब म्हणून पुढे आणले. पेशवा दोन वर्षांचा बालक, रघुनाथराव इंग्रजांच्या आश्रयास, कारभार नाना फडणीस व सखारामबापू यांच्या हाती, अशा समयी हे बंड उभे राहिले. कोकणातील अनेक किल्ले तोतयाच्या स्वाधीन झाले आणि माणसेही मोठ्या संख्येने त्याला मिळाली. अखेर महादजी शिंदे व भिवराव पानसे यांच्या फौजांनी त्याचा मोड केला. मुंबईकडे जाण्याच्या प्रयत्नात तो आंग्र्यांच्या हाती सापडला. पुण्यास आणून त्याची जाहीर चौकशी झाली आणि डिसेंबर १७७६ मध्ये त्यास देहान्त शासन देण्यात आले.

हे बंड एवढे का फोफावले, याचे राजकीय उत्तर सर्वश्रुत आहे : कारभाऱ्यांविषयीचा असंतोष आणि बाल पेशव्याची दुर्बळ स्थिती. त्यात आणखी एका कारणाची भर घालावी लागेल. पानिपतावर गेलेल्यांपैकी कितीतरी जण पार्वतीबाईंच्या पतीप्रमाणेच वार्तेविना गेले होते. अशा हजारो घरांच्या दृष्टीने भाऊ परत आले ही बातमी केवळ राजकीय नव्हती. सेनापती पंधरा वर्षांनी परत येऊ शकत असेल, तर त्याच्याबरोबर गेलेला शिलेदारही परत येऊ शकेल, असे त्या घरांना वाटले असल्यास नवल नाही. तोतयावर विश्वास ठेवणाऱ्यांत अनेक स्वार्थी होते, हे खरे. परंतु सर्वच मूर्ख अथवा स्वार्थी होते असे मानण्याचे कारण नाही.

या प्रकरणातील नाना फडणिसांची भूमिकाही याच दृष्टीने पाहिली पाहिजे. नाना स्वतः तरुण वयात पानिपतास होते. भाऊंना त्यांनी जवळून पाहिले होते, जीव वाचवून ते परतले, आणि आपल्या आत्मचरित्रात त्यांनी तो प्रसंग लिहून ठेवला आहे. त्या धामधुमीत त्यांची आई अंतरली. ती पुन्हा त्यांच्या दृष्टीस पडली नाही. हरवलेल्याची वाट पाहणे म्हणजे काय, हे ज्याला अनुभवाने ठाऊक होते, त्याच्यावरच परत आल्याचे सांगणाऱ्याचा खोटेपणा सिद्ध करण्याचे काम पडले.

चौकशीचा निर्णय मराठीच्या व्याकरणाच्या एका भेदावर उभा होता, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. मराठीत निषेधाची दोन भिन्न रूपे आहेत. ‘नव्हे’ हे तादात्म्याचा निषेध करते : हा मनुष्य भाऊ नव्हे. ‘नाही’ हे अस्तित्वाचा निषेध करते : भाऊ नाहीत. आजच्या बोलीत पहिल्याच्या जागी दुसरे रूप सर्रास शिरले असले, तरी भेद अद्याप जाणवतो. १७७६ च्या निवाड्याने ‘हा भाऊ नव्हे’ हे निर्विवाद ठरविले. ‘भाऊ नाहीत’ हे मात्र त्याने ठरविले नाही आणि ते ठरविणे त्याला शक्यही नव्हते. एखादा मनुष्य सुखनिधान आहे या सिद्धतेतून सदाशिवराव मृत आहेत असे अनुमान निघत नाही. किंबहुना पार्वतीबाईंच्या दृष्टीने निवाड्याचा अर्थ उलटच होता : खोटे भाऊ गेले, खऱ्यांचा प्रश्न जसा होता तसाच उरला.

येथेच राज्याची गरज आणि घराची गरज यांचा विरोध उघड होतो. राज्याला निश्चितता हवी होती. भाऊ मृत असल्याचे जाहीर करून, प्रतिकृतीचे दहन करून, पार्वतीबाईंना वैधव्याचा वेष देणे कारभाऱ्यांच्या सोयीचे झाले असते. ज्याची पत्नी कुंकू लावते तो पती जिवंत असला पाहिजे, असा युक्तिवाद कोणत्याही बंडखोरास करता आला असता, आणि पंधरा वर्षांची मुदत त्याच वर्षी भरलेली असल्यामुळे शास्त्राधारही तयार होता. तरीही पार्वतीबाईंवर तशी सक्ती झाली नाही. तोतयाच्या बाबतीत कठोर झालेल्या त्या राजसत्तेने एका स्त्रीच्या अनिश्चिततेला हात लावला नाही. हे औदार्य होते, भिडस्तपणा होता, की वडीलधाऱ्या स्त्रीचा मान होता, हे निश्चित करता येत नसले, तरी तिचा निर्णय मोडला गेला नाही, एवढे स्पष्ट आहे.

६. समाप्तीचा विधी

पार्वतीबाईंचे निधन १७८३ मध्ये झाले. त्यानंतरच भाऊंचे उत्तरकार्य करण्यात आले. पती व पत्नी या दोघांच्या क्रिया बरोबरच झाल्या. या क्रमाचा अर्थ लक्षात घेण्याजोगा आहे. भाऊंविषयी १७८३ मध्ये कोणतीही नवी वार्ता आलेली नव्हती. बदलले ते एवढेच की, त्यांच्या असण्याचा आग्रह धरणारे माणूस उरले नाही. पाणिनीय परिभाषेत बोलावयाचे तर, लुप्त प्रत्ययाचे कार्य ज्या पदावर चालू होते ते पदच गेले. अशा रीतीने पार्वतीबाई सुवासिनी म्हणून गेल्या, आणि भाऊंचा मृत्यू घराने त्यांच्या मृत्यूच्या दिवसांत मान्य केला.

वर निर्देश केलेल्या ‘नाही’ या रूपातच आणखी एक द्वैत आहे. ‘ते घरी नाहीत’ या वाक्यात स्थळाचा निर्देश असल्यामुळे ते वाक्य निरुपद्रवी आहे. स्थळाचा शब्द काढून टाकला आणि ‘ते आता नाहीत’ असे म्हटले, की तेच क्रियापद मृत्यूची वार्ता देते. पार्वतीबाईंनी आयुष्यभर जे केले ते व्याकरणदृष्ट्या एवढेच : त्यांनी ‘येथे’ हा शब्द सोडला नाही. भाऊ येथे नाहीत, हे त्या दररोज मान्य करीत होत्या. भाऊ नाहीत, हे त्यांनी मान्य केले नाही. त्यांना भ्रम झाला होता असे म्हणणाऱ्यांनी हा भेद विचारात घ्यावा. भ्रमिष्ट माणसाला अनुपस्थिती दिसत नाही. पार्वतीबाईंना ती दिसत होती. त्यांनी नाकारला तो तिच्यावरून काढलेला निष्कर्ष, आणि तो निष्कर्ष त्यांच्यासमोर कोणी सिद्ध केलेला नव्हता. पार्वतीबाई बहुधा चुकल्या असतील. परंतु त्यांची चूक पुराव्याच्या विरुद्ध नव्हती.

७. उत्तरकाळ

पुढील काळात मुदत बदलली, प्रश्नाचे स्वरूप बदलले नाही. १८७२ च्या भारतीय पुरावा अधिनियमाने, ज्याची वार्ता त्याच्या निकटच्या माणसांना सात वर्षे आलेली नाही तो जिवंत आहे हे सिद्ध करण्याचा भार तसे म्हणणाऱ्यावर टाकला. तोच नियम १ जुलै २०२४ पासून अंमलात आलेल्या भारतीय साक्ष अधिनियमात कायम आहे. १९५५ च्या हिंदू विवाह अधिनियमाने सात वर्षांचे अज्ञातत्व हे घटस्फोटाचे एक कारण मानले, आणि नारदाने दिलेली परंतु लोकव्यवहाराने काढून घेतलेली मोकळीक वेगळ्या रूपाने परत दिली. या कायद्याची रचना सूक्ष्मपणे पाहिली तर बेपत्ता या शब्दासारखीच ती आहे. गेलेला मेला असे कायदा सांगत नाही. जे ऐकावयास हवे होते ते मागे राहिलेल्यांनी ऐकले नाही, एवढेच सांगतो. मृत्यू नेमका केव्हा झाला हेही तो गृहीत धरत नाही. पळसाच्या पानांची प्रतिकृती करणाऱ्यांप्रमाणे त्यालाही ठाऊक आहे की हा सोयीचा निर्णय आहे.

मानसशास्त्राने या अवस्थेस नाव दिले ते विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात. अमेरिकेतील संशोधिका पॉलिन बॉस यांनी व्हिएतनामच्या युद्धात बेपत्ता झालेल्या वैमानिकांच्या कुटुंबांचा अभ्यास केला आणि त्यातून जी संकल्पना मांडली तिला मराठीत ‘संदिग्ध वियोग’ म्हणता येईल. १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या ग्रंथाचे सार असे की, या दुःखाला शेवट नसणे हा दुःख करणाऱ्याचा दोष नव्हे. तो परिस्थितीचा गुण आहे. म्हणून अशा कुटुंबांना समाप्ती करण्यास भाग पाडण्याऐवजी, ‘तो गेला असेल’ आणि ‘तो येईल’ हे दोन्ही विचार एकत्र बाळगून जगण्यास साह्य करावे. १९६५ व १९७१ च्या युद्धांत बेपत्ता झालेल्या भारतीय सैनिकांच्या नातेवाइकांपैकी काही जण २००७ मध्ये पाकिस्तानातील तुरुंग पाहून आले, आणि शोध न लागता परतले. त्यांची अवस्था समजून घेण्यास या संकल्पनेची मदत होते.

परंतु ही संकल्पना नवी असली तरी अनुभव आणि त्यास दिलेला प्रतिसाद नवा नाही. बॉस यांनी ज्याचा पुरस्कार केला ते पेशव्यांच्या वाड्यात, परिभाषेवाचून आणि कदाचित हेतूवाचूनही, घडले होते. शास्त्राची मुदत संपली, राज्याची अडचण झाली, तोतया आला आणि गेला. तरी एका स्त्रीचा ‘येथे’ हा शब्द तिच्या तोंडून कोणी काढून घेतला नाही. आणि त्या मुदतीत ती स्त्रीही थांबून राहिली नाही. गंगाबाईंची सोबत, बाल पेशव्याचे संगोपन, घरातील वडीलकी, ही कर्तव्ये तिने कपाळावरील कुंकवासह केली. पानिपतच्या इतिहासात पराक्रमाच्या आणि पराभवाच्या नोंदी पुष्कळ आहेत. ज्या घरांत पराभवाची वार्ता कधीच पुरी पोचली नाही, त्या घरांच्या इतिहासाची ही एक नोंद होय. तशी इतर घरे अठराव्या शतकाच्या पत्रसंग्रहांत अद्याप अभ्यासकांची वाट पाहत आहेत.